जप्त ट्रॅक्टरची सुटका : अधिकाऱ्याचा अधिकार आणि न्यायालयाची तपासणी



नांगरट, पेरणी, मळणी, ऊसवाहतूक आणि शेणखताची ने-आण या सर्व कामांचा भार आज ट्रॅक्टरवर आहे. असा ट्रॅक्टर मुरूम किंवा वाळू वाहताना पकडला जातो आणि ऐन हंगामात तहसील कार्यालयाच्या किंवा पोलीस ठाण्याच्या आवारात उभा राहतो. मग दंड एकीकडे राहतो आणि खरे नुकसान दुसरीकडेच सुरू होते. वाफसा चार-सहा दिवसांचा असतो, तो फाईलसाठी थांबत नाही. बँकेचा हप्ता चालूच राहतो. उघड्यावर उभ्या ट्रॅक्टरची बॅटरी उतरते, टायरला भेगा पडतात आणि शेजाऱ्याचा ट्रॅक्टर भाड्याने घ्यावा लागतो.

अशा वेळी बहुतेक शेतकरी कार्यालयाच्या चकरा मारतात, तोंडी विनवण्या करतात आणि शेवटी "सोडणे न सोडणे साहेबांच्या हातात आहे" असे म्हणून गप्प बसतात. हे म्हणणे अर्धेच खरे आहे. वाहन सोडण्याचा अधिकार कायद्याने अधिकाऱ्याला दिला आहे, परंतु तो कसा वापरायचा याच्या मर्यादाही आखून दिल्या आहेत. त्या मर्यादा पाळल्या गेल्या की नाही हे उच्च न्यायालय तपासू शकते. या तपासणीला न्यायिक पुनर्विलोकन म्हणतात. त्याचा उपयोग मात्र ज्याच्याजवळ कागद आहे, त्यालाच होतो. म्हणून कायदा काय आहे, न्यायालय काय पाहते आणि पहिल्या दिवसापासून कोणते कागद तयार ठेवावेत, याची माहिती या लेखात दिली आहे.

जप्ती कोणत्या कायद्याखाली झाली?

पहिला प्रश्न हाच विचारावा. कारण अधिकारी कोण, अर्ज कोठे करायचा आणि अपील कोणाकडे करायचे हे सर्व त्यावर अवलंबून आहे. शेतकऱ्यांच्या वाहनांबाबत साधारणपणे पुढील प्रकार आढळतात.

१) वाळू, मुरूम, माती, दगड यांची विनापरवाना वाहतूक : महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम ४८, पोटकलम (७) व (८). कारवाई महसूल खात्याकडून होते.

२) त्याच कारणावरून पोलिसांत गुन्हा नोंदला गेल्यास : वाहन गुन्ह्यातील मुद्देमाल ठरते. सुटकेसाठी प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा लागतो.

३) लाकूड, बांबू किंवा इतर वनोपज : भारतीय वन अधिनियम, १९२७ व त्यातील महाराष्ट्राच्या दुरुस्त्या. कारवाई वन खात्याकडून होते.

४) खत, रेशनचे धान्य इत्यादींची नियमबाह्य वाहतूक : जीवनावश्यक वस्तू अधिनियम, १९५५ चे कलम ६-अ. निर्णय जिल्हाधिकारी घेतात.

५) नोंदणी, परवाना किंवा चालकाचे लायसन्स नसणे : मोटार वाहन अधिनियम, १९८८ चे कलम २०७. योग्य कागदपत्रे दाखवून परिवहन अधिकाऱ्याकडे किंवा प्राधिकृत अधिकाऱ्याकडे सुटकेचा अर्ज करता येतो.

कधी कधी एकाच ट्रॅक्टरवर महसूल आणि पोलीस अशा दोन्ही कारवाया होतात. तेव्हा एका ठिकाणचा आदेश दुसऱ्या ठिकाणी पुरत नाही, दोन्हीकडे अर्ज करावा लागतो.

गौण खनिजाच्या प्रकरणात कायदा काय सांगतो?

गावोगावी सर्वांत जास्त जप्त्या याच कारणाने होतात, म्हणून हे कलम नीट समजून घेऊ.

कलम ४८(७) नुसार शासनाच्या मालकीचे खनिज परवानगीशिवाय काढणाऱ्यावर किंवा नेणाऱ्यावर त्या खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो. हा आदेश जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला महसूल अधिकारी लेखी काढतो. शेताच्या बांधातून माती-मुरूम काढला आणि बांध दुरुस्तीचे कारण सांगितले, तरी हे कलम लागू शकते. नदी, नाले, जुने ढीग यांचाही कलमात स्पष्ट उल्लेख आहे.

कलम ४८(८) वाहनाबाबत आहे. त्यातील तीन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. पहिली, खनिज व वाहन जप्त करण्याचा अधिकार जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्याला आहे. दुसरी, जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचे असते. बहुतेक ठिकाणी हा अधिकारी म्हणजे उपविभागीय अधिकारी, ज्यांना आपण प्रांतसाहेब म्हणतो. तिसरी, मालकाने विहित दंड भरला आणि पुन्हा असा वापर करणार नाही असे वैयक्तिक बंधपत्र दिले, तर हा अधिकारी वाहन सोडू शकतो. बंधपत्राची रक्कम वाहनाच्या बाजारमूल्यापेक्षा जास्त असू शकत नाही.

येथे दोन वेगवेगळे दंड आहेत. पाचपटीपर्यंतचा दंड खनिजाचा असतो आणि सुटकेसाठी भरायचा दंड वाहनाचा असतो. २०१८ मध्ये नियमांत झालेल्या दुरुस्तीनुसार ट्रॅक्टर-ट्रॉलीसाठी वाहनाचा दंड १ लाख रुपये ठरविण्यात आला. दरांत वेळोवेळी बदल होतो, म्हणून आदेशातील रक्कम कोणत्या अधिसूचनेप्रमाणे लावली आहे हे लेखी विचारून घ्यावे. खनिजाचा दंड भरला नाही, तर तो जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल होऊ शकतो, म्हणजेच सातबाऱ्यावर बोजा चढू शकतो. त्यामुळे ट्रॅक्टर सुटला म्हणजे प्रकरण संपले, असे समजून खनिजाच्या दंडाच्या नोटिशीकडे दुर्लक्ष करू नये.

'सोडू शकेल' याचा अर्थ

कायद्यात "अधिकारी वाहन सोडील" असे नसून "सोडू शकेल" असे आहे. या 'शकेल' मध्ये अधिकाऱ्याचा विवेकाधिकार आहे. प्रत्येक प्रकरण वेगळे असते. एकाने घराच्या जोत्यासाठी एक ट्रॉली मुरूम आणला असतो, तर दुसरा रोज रात्री नदीपात्रातून वाळू उपसत असतो. दोघांना एकच माप लावणे योग्य नाही, म्हणून कायद्याने अधिकाऱ्याला विचार करण्यास वाव ठेवला आहे.

परंतु विवेकाधिकार म्हणजे मनमर्जी नव्हे. कायद्याने दिलेला अधिकार ज्या हेतूसाठी दिला त्याच हेतूसाठी, समोरच्या प्रकरणातील कागद पाहून आणि कारणे देऊन वापरावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने सुरुवातीच्या काळातच मुंबईच्या एका प्रकरणात ही गोष्ट स्पष्ट केली. अंधेरीत सिनेमागृह बांधण्यास पोलीस आयुक्तांनी दिलेली परवानगी पुढे सरकारच्या सांगण्यावरून रद्द करण्यात आली. १९५१ मधील या गोरधनदास भानजी प्रकरणाच्या निकालात न्यायालयाने सांगितले की, नियमाने अधिकार आयुक्तांना दिला आहे, म्हणून निर्णयही आयुक्तांनी स्वतः विचार करूनच घेतला पाहिजे. त्याच निकालात आणखी एक तत्त्व आहे. लेखी आदेशात जे लिहिले आहे त्यावरूनच आदेशाचा अर्थ लावायचा, आपल्या मनात काय होते हे अधिकाऱ्याने मागाहून सांगून चालत नाही. पुढे १९७७ मध्ये मोहिंदरसिंग गिल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हाच धागा पकडून सांगितले की, आदेशात नसलेली कारणे नंतर प्रतिज्ञापत्राने जोडून आदेश टिकविता येत नाही.

प्रकरण सिनेमागृहाचे असले तरी तत्त्व ट्रॅक्टरलाही लागू आहे. प्रांतसाहेबांनी घ्यायचा निर्णय "वरून सूचना आहेत" एवढ्यावर घेता येत नाही.

न्यायालय काय तपासते?

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. तेव्हा न्यायालय साधारणपणे पुढील प्रश्न विचारते.

१) आदेश काढणाऱ्याला तो अधिकार होता काय? उदा. उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्याने घ्यायचा सुटकेचा निर्णय त्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याने घेतला असेल, तर आदेशाचा पायाच डळमळतो.

२) नोटीस दिली काय? म्हणणे मांडण्याची संधी दिली काय? ज्याच्यावर दंड बसणार त्याचे ऐकून घेणे हा नैसर्गिक न्यायाचा पहिला नियम आहे.

३) संबंधित गोष्टींचा विचार झाला काय? उदा. वाहतूक परवाना सादर केला असताना आदेशात त्याचा उल्लेखही नसणे.

४) असंबंधित गोष्टी विचारात घेतल्या काय? उदा. मालकाचे गावातील भांडण किंवा राजकीय पक्ष.

५) आदेशात कारणे दिली आहेत काय? "अर्ज नामंजूर" एवढेच लिहिणे म्हणजे कारण देणे नव्हे.

६) कायद्यात नसलेली अट घातली काय? किंवा कायद्याने ठरविलेली मर्यादा ओलांडली काय?

७) निर्णयच घेतला नाही, असे झाले काय? अर्ज महिनोन्महिने पडून राहणे हाही अधिकाराचा गैरवापरच आहे. अशा वेळी "ठरावीक मुदतीत निर्णय द्या" असा आदेश उच्च न्यायालय देऊ शकते.

न्यायालय काय करीत नाही?

येथेच अनेकांचा अपेक्षाभंग होतो. उच्च न्यायालय रिट याचिकेत अपिलाप्रमाणे सारा पुरावा पुन्हा तपासत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ च्या टाटा सेल्युलर प्रकरणात सांगितल्याप्रमाणे न्यायालय निर्णय कसा घेतला ते पाहते, अधिकाऱ्याच्या जागी बसून स्वतःचा निर्णय देत नाही. आपल्या भाषेत सांगायचे तर न्यायालय तुमचे शेत पुन्हा पेरून देत नाही, पेरणी वाफशावर आणि रीतीप्रमाणे झाली होती का, एवढेच पाहते.

म्हणून ट्रॉलीत वाळू होती की नव्हती, एक ब्रास होती की दीड, असे वाद तेथे सहसा सुटत नाहीत. ते पंचनाम्याच्या वेळी आणि नोटिशीच्या उत्तरातच मांडावे लागतात. तसेच आदेश रद्द झाला तरी बहुधा प्रकरण फेरनिर्णयासाठी त्याच अधिकाऱ्याकडे परत जाते. मधल्या काळात अटींवर ट्रॅक्टर ताब्यात मिळावा अशी अंतरिम मागणी मात्र करता येते, आणि हंगामात तिचेच मोल जास्त असते.

एक काल्पनिक उदाहरण

समजा, एका शेतकऱ्याचा ट्रॅक्टर मुरूम नेताना पकडला. पंचनाम्यात मुरूम १ ब्रास, म्हणजे १०० घनफूट लिहिला आहे. मुरमाचे बाजारमूल्य ब्रासला ६०० रुपये धरले, तर खनिजाचा दंड जास्तीत जास्त पाचपट, म्हणजे ३,००० रुपये होतो. परंतु आदेशात ३ ब्रास धरून ९,००० रुपये दंड लावला आहे. शेतकऱ्याने वाहतूक पास जोडून उत्तर दिले होते, त्याचा आदेशात उल्लेख नाही. सुटकेच्या अर्जावर "वरिष्ठांच्या सूचनेनुसार वाहन सोडता येणार नाही" असा शेरा आहे.

या आदेशात तीन दोष आहेत. परिमाण पंचनाम्याशी जुळत नाही, सादर केलेला पुरावा विचारात घेतला नाही आणि निर्णय अधिकाऱ्याचा स्वतःचा नाही. तिन्ही दोष कागदावरच दिसतात, साक्षीपुराव्याची गरज पडत नाही. असे दोष न्यायिक पुनर्विलोकनात टिकत नाहीत. परंतु याच शेतकऱ्याने नोटिशीला उत्तरच दिले नसते आणि सुटकेचा अर्ज तोंडी केला असता, तर दाखविण्यासारखा एकही कागद त्याच्याजवळ राहिला नसता.

जप्तीच्या दिवशी काय करावे?

१) पंचनामा वाचून मगच सही करावी. दिनांक, वेळ, ठिकाण, खनिजाचा प्रकार आणि परिमाण बरोबर आहे का ते पाहावे. चुकीचे असल्यास "मान्य नाही" असे कारणासह लिहून सही करावी. कोऱ्या कागदावर सही देऊ नये.

२) पंचनाम्याची प्रत मागावी. दिली नाही तर त्याच दिवशी लेखी अर्ज करून पोच घ्यावी.

३) ट्रॅक्टरच्या स्थितीची नोंद करून घ्यावी. टायर, बॅटरी, हायड्रॉलिक पंप, टाकीतील डिझेल, तास-मीटरचा आकडा, ट्रॉलीचा जॅक आणि हूक यांची यादी करावी व फोटो काढावेत. परत घेताना हीच यादी हातात ठेवावी आणि काही कमी आढळल्यास ताबा पावतीवर लिहावे.

४) जप्त करणाऱ्या अधिकाऱ्याचे नाव, पद आणि कलम यांची नोंद घ्यावी.

५) ट्रॅक्टर कर्जाऊ असल्यास बँकेला, आणि विमा कंपनीलाही, लेखी कळवावे.

पहिल्या आठवड्यात काय करावे?

दुसऱ्या किंवा तिसऱ्या दिवशीच सुटकेचा लेखी अर्ज द्यावा. ४८ तासांत वाहन सक्षम अधिकाऱ्यापुढे आणले नाही म्हणजे ते आपोआप सुटते असे समजू नये. परंतु हा विलंब अर्जात नमूद केलाच पाहिजे, कारण पुढे तो उपयोगी पडतो. अर्ज आवक विभागात देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक व दिनांक घ्यावा. अर्जाचा नमुना पुढे दिला आहे.

---

प्रति,
मा. उपविभागीय अधिकारी, ........ उपविभाग, जि. ........

विषय : महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६, कलम ४८(८) खाली जप्त ट्रॅक्टर क्र. ........ व ट्रॉली क्र. ........ सोडण्याबाबत.

महोदय,

१. मी वरील वाहनाचा नोंदणीकृत मालक असून दिनांक ........ रोजी ........ येथे वाहन जप्त करण्यात आले आहे. पंचनाम्यात ........ ब्रास ........ असे नमूद आहे.

२. सदर वाहन आपल्यासमोर हजर केल्याचा दिनांक व वेळ मला कळविण्यात आलेली नाही / दिनांक ........ अशी आहे.

३. माझे म्हणणे असे की, ........ (परवाना असल्यास क्रमांक व प्रत, नसल्यास खरी वस्तुस्थिती थोडक्यात.)

४. विहित दंड, तो मला मान्य आहे असे न समजता व अपिलाचा हक्क राखून, भरण्यास आणि कायद्याप्रमाणे बंधपत्र देण्यास मी तयार आहे. कृपया दंडाची रक्कम व ती ज्या अधिसूचनेनुसार आहे ती लेखी कळवावी.

५. माझे ........ एकर क्षेत्र ........ पिकाखाली असून पेरणी / काढणी दिनांक ........ च्या सुमारास आहे. ट्रॅक्टरवर ........ बँकेचे कर्ज आहे.

६. अर्ज नामंजूर करावयाचा झाल्यास कृपया कारणांसह लेखी आदेश द्यावा.

सोबत : नोंदणी पुस्तक, विमा, सातबारा, पंचनाम्याची प्रत, इतर कागद.

दिनांक :                                             सही

---

या अर्जातील सहावे कलम सर्वांत महत्त्वाचे आहे. कारणांसह आदेश मिळाला तर त्यातील कारणे तपासता येतात. आदेश मिळालाच नाही तर तेही न्यायालयाला दाखविता येते. पाचवे कलमही सोडू नये. हंगामाची अडचण कागदावर आली नाही, तर अधिकाऱ्याने ती विचारात घेतली नाही असे पुढे म्हणता येत नाही.

दंड भरायचा झाल्यास चलनानेच भरावा व पावती जपून ठेवावी. पावतीशिवाय कोणालाही रोख रक्कम देऊ नये. त्या पैशाची नोंद कोठेही नसते आणि ट्रॅक्टर पुन्हा पकडला गेल्यास त्याचा काहीही उपयोग होत नाही.

अपील की रिट याचिका?

महसूल संहितेच्या कलम २४७ खाली अपील करता येते. तहसीलदारांच्या आदेशावर उपविभागीय अधिकाऱ्यांकडे आणि उपविभागीय अधिकाऱ्यांच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील होते. जिल्हाधिकाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाची मुदत ६० दिवस आहे, परंतु हंगाम तेवढा थांबत नाही. म्हणून अपील लवकर करावे आणि त्यासोबत स्थगितीचा व अंतरिम सुटकेचा अर्ज जोडावा. अपिलात परिमाण, बाजारमूल्य, पुरावा या सर्व गोष्टी पुन्हा तपासून घेता येतात. हा अपिलाचा मोठा फायदा आहे.

अपिलाची सोय असताना थेट उच्च न्यायालयात गेल्यास "आधी अपील करा" असे सांगितले जाण्याची शक्यता जास्त असते. यालाही अपवाद आहेत. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल प्रकरणात ते सांगितले आहेत. मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारच नसताना काढलेला आदेश किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान, अशा वेळी अपिलाची वाट असली तरी उच्च न्यायालय याचिका ऐकू शकते. तुमच्या आदेशात यातील दोष स्पष्ट दिसत असेल तरच हा मार्ग धरावा.

मुंबई उच्च न्यायालयाची राज्यात नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथे खंडपीठे आहेत. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथेही फिरते खंडपीठ सुरू झाले असून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या जिल्ह्यांतील लोकांना त्याचा उपयोग होतो. वकिलाचा खर्च परवडत नसेल तर तालुका किंवा जिल्हा विधी सेवा कार्यालयात चौकशी करावी. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ नुसार महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, अपंग, पूर-दुष्काळासारख्या आपत्तीत सापडलेले लोक आणि ठरावीक मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असलेले यांना मोफत साहाय्य मिळू शकते.

पोलिसांच्या ताब्यातील ट्रॅक्टर

पोलिसांत गुन्हा नोंदला असल्यास सुटकेचा अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करावा. १ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ लागू झाली आहे. जुन्या कलम ४५१ व ४५७ च्या जागी आता कलम ४९७ व ५०३ आहेत.

या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाचा १ ऑक्टोबर २००२ चा सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य हा निकाल शेतकऱ्याच्या फार उपयोगाचा आहे. जप्त वाहने पोलीस ठाण्यात दीर्घकाळ सडत ठेवण्यात काही अर्थ नाही, योग्य बंधपत्र व हमी घेऊन, आणि गरज पडल्यास वाहन पुन्हा हजर करण्याच्या अटीवर, ती लवकर परत द्यावीत, असे त्यात सांगितले आहे. सविस्तर पंचनामा व फोटो ठेवले म्हणजे पुराव्याचे काम भागते. या निकालाचा उल्लेख अर्जात जरूर करावा. अशी सुटका म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. खटला संपेपर्यंत ट्रॅक्टर विकू नये व त्यात बदल करू नयेत.

वनोपज असेल तर जास्त सावध राहा

वन कायद्याची वाट अधिक कठीण आहे. महाराष्ट्रात सहायक वनसंरक्षक किंवा त्यावरील प्राधिकृत अधिकारी वाहन सरकारजमा करू शकतो. त्याआधी मालकाला लेखी नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकावे लागते. आदेशावर ३० दिवसांत सत्र न्यायालयात अपील करता येते. सरकारजमा करण्याची कार्यवाही सुरू झाल्यावर न्यायदंडाधिकाऱ्याकडून वाहन सोडवून घेण्याचा मार्ग सहसा बंद होतो. मध्य प्रदेशातील वन कायद्याच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये असाच निर्णय दिला. त्याआधी २००० मध्ये कर्नाटकातील एका प्रकरणातही वनगुन्ह्यातील वाहने सरसकट सोडू नयेत, असे न्यायालयाने बजावले होते.

वन कायद्यात आणि जीवनावश्यक वस्तू कायद्यात मालकाला बचावाची एक संधी आहे. वाहनाचा असा वापर आपल्या, आपल्या प्रतिनिधीच्या व चालकाच्या माहितीशिवाय किंवा संमतीशिवाय झाला आणि सर्वांनी योग्य ती खबरदारी घेतली होती, हे सिद्ध करावे लागते. "ट्रॅक्टर भाड्याने दिला होता, मला काय माहीत" एवढे सांगून भागत नाही. म्हणून ट्रॅक्टर भाड्याने देताना कोणत्या कामासाठी, किती दिवस, चालक कोण हे लिहिलेली चिठ्ठी करून दोघांच्या सह्या घ्याव्यात. चालकालाही लेखी सूचना द्यावी. जीवनावश्यक वस्तू कायद्यात भाड्याने माल वाहणाऱ्या वाहनाच्या मालकाला वाहन गमावण्याऐवजी दंड भरण्याचा पर्यायही द्यावा लागतो, आणि तो दंड नेल्या जाणाऱ्या मालाच्या जप्तीच्या दिवशीच्या बाजारभावापेक्षा जास्त असू शकत नाही.

जप्तीची वेळच येऊ नये म्हणून

न्यायालय अधिकाऱ्याची चूक दुरुस्त करू शकते, परंतु चोरीच्या वाळूला वैध करीत नाही. नदीपात्रातील वाळू पाणी धरून ठेवते. ती उपसली की काठच्या विहिरींची पातळी खाली जाते आणि त्याची झळ शेवटी आपल्याच बागायतीला बसते. तेव्हा नियम पाळणे हे आपल्याच हिताचे आहे.

मुरूम किंवा माती आणायची असल्यास आधी तहसील कार्यालयातून परवानगी घ्यावी, स्वामित्वधन भरावे आणि प्रत्येक खेपेचा वाहतूक पास चालकाजवळ ठेवावा. पासवरील वाहन क्रमांक, वेळ व ठिकाण जुळते का ते खेप भरण्यापूर्वीच पाहावे. वेळ टळून गेलेला पास नसल्यासारखाच असतो. तलावातील गाळ शेतात टाकण्यासाठी शासनाने २०१७ मध्ये 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' योजना सुरू केली. त्यात गाळ नेता येतो, वाळू नव्हे. ज्या तलावातून गाळ न्यायचा त्याबाबतच्या मंजुरीची प्रत ट्रॅक्टरवर ठेवल्यास रस्त्यात अडचण येत नाही.

थोडक्यात महत्त्वाचे

• जप्ती कोणत्या कलमाखाली झाली ते प्रथम विचारा.
• पंचनामा वाचा, चुकीचे असेल ते त्यावरच लिहा, प्रत घ्या.
• सुटकेचा अर्ज लेखी द्या, पोच घ्या आणि कारणांसह आदेश मागा.
• खनिजाचा दंड आणि वाहनाचा दंड वेगळे आहेत, दोन्हींच्या नोटिशींना उत्तर द्या.
• वस्तुस्थितीचा वाद असेल तर अपील करा. अधिकार नसताना, न ऐकता किंवा विनाकारण काढलेला आदेश असेल तर उच्च न्यायालयात जाता येते.
• पोलिसांच्या ताब्यातील वाहनासाठी न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करा.
• ट्रॅक्टर भाड्याने देताना चिठ्ठी करा.

ट्रॅक्टर सोडण्याचा निर्णय अधिकारीच घेतात हे खरे, परंतु तो कायद्याच्या चौकटीत आणि कारणे देऊन घ्यावा लागतो. ज्या शेतकऱ्याजवळ शिक्का मारलेली अर्जाची प्रत असते, त्याला अपिलात आणि न्यायालयात ही चौकट दाखविता येते. म्हणून घरातील बी-बियाण्यांच्या पावत्यांबरोबर ट्रॅक्टरच्या कागदांचीही एक फाईल करावी आणि ती घरातील सर्वांना माहीत असावी.